पत्र्यांचा धनी

आमच्या बिल्डिंगचं नाव 'नीरा वैभव'. भोरच्या एसटी स्टँडवरून पुलाकडे निघालात की चार मजली, सोळा फ्लॅटची, सगळ्या दर्शनी भागाला निळे-चंदेरी पत्रे ठोकलेली इमारत दिसायची, ती आमचीच. 'दिसायची' म्हणते, कारण आता ती तशी दिसत नाही. का दिसत नाही तेच सांगायला बसले आहे. मी रत्ना. तहसील कचेरीत पस्तीस वर्षं कारकुनी केली, निवृत्त झाले, आणि निवृत्त माणूस रिकामा बसलेला लोकांना बघवत नाही म्हणून सोसायटीची चेअरमन झाले.

एक गोष्ट आधीच कबूल करते. ते पत्रे मीच निवडले होते. बिल्डरच्या मनात साधा गिलावा आणि रंग होता. पण आम्हा घर घेणाऱ्यांना पुण्यातल्यासारखी चकचकीत बिल्डिंग हवी होती. सात वर्षांपूर्वी त्यानं दोन नमुने टेबलावर ठेवले. एक आगीत तग धरणारा, महाग. दुसरा साधा, दोन पातळ पत्र्यांच्या मध्ये प्लॅस्टिकचा गाभा. वरून बघाल तर दोन्ही सारखेच. सगळ्यांच्या वतीनं मी गेले होते. मी साधा निवडला आणि कागदावर सही केली. दर घरामागे अठरा हजार वाचले म्हणून लोकांनी मला शाल दिली, नारळ दिला, आणि माझ्या व्यवहारज्ञानावर एक भाषणही झालं.

पत्रे बसवणारा फॅब्रिकेटर धनाजी तेव्हा तिथंच होता. त्यानं मला बाजूला घेऊन सांगितलं, "म्याडम, ह्यो साधा पत्रा पेटतो. म्या पेटवून बगितलाय."

मी म्हणाले, "तुझं काम पत्रे लावायचं. तेवढं कर."

कचेरीत पस्तीस वर्षं दारात आलेल्या माणसाशी असंच बोलत आले होते. जिभेला वळणच पडलेलं. तो कामाला लागला. ही गोष्ट त्याला माहीत होती आणि मला. तिसऱ्या कुणाला नाही.

या वर्षी एप्रिलमध्ये बाजारपेठेतल्या एका कपड्याच्या दुकानाला आग लागली. पाटीचं काम चाललं होतं, वेल्डिंगची ठिणगी उडाली, आणि दुकानाचा दर्शनी भाग असाच पत्र्यांचा होता. मी समोरच भाजी घेत होते. आग चढताना मी काय कमी वेळा पाहिली आहे? चूल, शेकोटी, होळी, सगळं पाहिलं. पण ही चढली नाही, ही पळाली. वरून जळते थेंब पडायचे आणि जिथं थेंब पडेल तिथं नवी आग उभी राहायची. बघणारे लोक ओरडायचंसुद्धा विसरले होते. सहा मिनिटांत दोन मजले काळे झाले. दुकान रिकामं होतं म्हणून कुणाला काही झालं नाही. मी कोथिंबिरीची जुडी मुठीत आवळून उभी होते. भीती वाटली हे तर खरंच. पण भीतीपेक्षा मोठं काहीतरी वाटलं. एवढी अफाट गोष्ट आपण हौसेनं, शाल घेऊन, आपल्याच भिंतीला चिकटवली, याचा अचंबा मला पेलवेना.

चार दिवसांनी अग्निशमनचे साहेब आमच्याकडे आले. त्यांनी कोपऱ्यातला वीतभर पत्रा कापून आवारातच पेटवून दाखवला. तो फरशीवर ठिबकत जळला. साहेब अगदी सहज म्हणाले, "खाली पेटलं तर चौथ्या मजल्यावर पोचायला चार मिनिटं."

आम्ही सगळ्यांनी वर पाहिलं. चौथ्या मजल्यावर फुलाबाई राहतात. अर्धांगानं त्यांची डावी बाजू गेली आहे आणि पलंग अगदी खिडकीला लागून आहे. मुलगी प्रेरणा दवाखान्यात नर्स, ती ड्युटीवर गेली की त्या एकट्याच. लिफ्टमध्ये स्ट्रेचर मावत नाही. मतदानाला त्यांना खुर्चीत बसवून जिन्यानं खाली आणलं होतं, तेव्हा चार माणसं आणि पंधरा मिनिटं लागली होती. त्या दिवसापासून आगीची चार मिनिटं आणि जिन्याची पंधरा हे दोन आकडे माझ्या डोक्यातून हलेनात. जेवताना तेच, झोपताना तेच.

नगरपालिकेची नोटीस आली. तीस दिवसांत पत्रे उतरवा, स्वखर्चानं. बिल्डरला फोन केला तर तो म्हणाला, त्याची जबाबदारी पाच वर्षांची होती, ती कधीच संपली. पुढं तो असंही म्हणाला, की पत्रे तुमच्याच मागणीवरून लावले, तुमच्याच सहीचा कागद आहे. मीटिंगमध्ये मी त्याचं पहिलं वाक्य सांगितलं. दुसरं गिळलं.

मीटिंग पार्किंगमध्ये भरली. पुण्याच्या एका कंपनीनं अकरा लाख सांगितले होते. संजय पतसंस्थेत नोकरीला, त्याचा फ्लॅट मागच्या बाजूला. तो म्हणाला, "आमच्या बाजूला एकही पत्रा नाही. ज्याच्या भिंतीला पत्रा, त्यानं तो काढावा." पुढच्या बाजूचे उसळले. त्यांचं म्हणणं, पत्र्यांची शोभा सगळ्या बिल्डिंगची होती, मग खर्चही सगळ्या बिल्डिंगचा. तळमजल्याचे आनंदराव शांतपणे म्हणाले की आग वर जाते, खाली येत नाही, तेव्हा खालच्यांना यातून वगळावं. मग कुणीतरी विचारलं, पत्र्यांचं भंगार किती जाईल? त्यावर मात्र सगळे सावरून बसले. भंगाराचे पैसे सोळा घरांत समान वाटायचे, असा ठराव झाला. दोन तासांत एकमत झालं ते एवढंच.

लोक उठायला लागले तेव्हा प्रेरणानं विचारलं, "उद्यापासून ड्युटीला जाताना आमचं दार उघडंच ठेवून जाऊ का, तेवढं सांगा."

आनंदराव म्हणाले, "ज्यानं लावले त्यालाच गाठा. त्याला स्वस्तात जमेल." सगळ्यांना ते पटलं. मीही मान डोलावली, पण त्याला गाठायचं म्हणजे मलाच जावं लागणार होतं, आणि तो इथं येऊन तोंड उघडणार होता.

चेलाडीला वेल्ह्याची एसटी धरली, मार्गासनीला उतरले, तिथून जीपनं धनाजीच्या गावी, गुंजवण्याला गेले. समोर राजगड उभा होता. लोक त्याच्याकडे बघायला लांबून येतात, मी मात्र सगळी वाट माझ्या चपलांकडे बघत काढली. धनाजीची निम्मी जमीन धरणात गेली होती. उरलेल्या भाताच्या चार खाचरांवर भागेना म्हणून तो फॅब्रिकेशन शिकला होता. मी पोचले तेव्हा तो खाचराचा ढासळलेला बांध रचत होता.

"वळकलं की म्याडम. बसा," म्हणून त्यानं घरातून पाणी आणलं. मी सगळं सांगितलं. दुकानाची आग, नोटीस, अकरा लाख. त्या जुन्या बोलण्याचा विषय मी काढला नाही. त्यानंही नाही.

"पत्रे आजून त्येच हायती?" त्यानं विचारलं. मधल्या काळात कुणीतरी बदलले असतील, अशी त्याला आशा असावी.

"तेच."

"चौथ्या मजल्याव कोन ऱ्हातं?"

मी फुलाबाईंबद्दल सांगितलं. तो बोटांची माती काढू लागला.

"किती घेशील?" मी विचारलं.

"मजुरी न्हाई घेत. इर्जिक करू. बुधवारी येतो."

इर्जिक म्हणजे एकाच्या कामाला सगळ्यांनी मिळून एक दिवस द्यायचा. मजुरी कुणी घ्यायची नाही. ज्याचं काम तो त्या दिवसाचा धनी. त्यानं सगळ्यांना जेवू घालायचं, वाढायचं, आणि स्वतः सगळ्यांच्या शेवटी जेवायचं. पुढं त्यांच्यातल्या कुणावर वेळ आली की त्यानं त्यांच्या कामाला जायचं. माझं माहेर भाटघरचं, त्यामुळे हे मी लहानपणी पाहिलं आहे. पण ते भाताच्या खाचरात. चार मजली भिंतीची इर्जिक मी कधी ऐकली नव्हती.

बुधवारी सकाळी सातला टेम्पो आला. नऊ बाप्ये, पाच बाया, दोरखंड, कमरेचे पट्टे, ग्राइंडर. सगळ्यांत पुढं धनाजीचे चुलते भिमाआबा, सत्तरी ओलांडलेले, काठीसारखे ताठ. आमची माणसं चहाचे कप घेऊन आवारात जमली होती. आबा फाटकाच्या आत आले, थांबले, आणि त्यांच्यामागं सगळे थांबले.

"काम कुनाचं?" आबांनी विचारलं.

मी पुढं होऊन म्हणाले, "सोसायटीचं."

"सोसायटी म्हंजी कोन? मानूस दावा."

इर्जिकीला धनी लागतो. कुणीतरी एकानं उभं राहून 'काम माझं' म्हटल्याशिवाय कुणी हात लावत नाही. हे मला माहीत होतं आणि तरी मी आबांसमोर सोसायटीचं नाव पुढं केलं होतं. मी मागं वळून पाहिलं. संजय मोबाईल बघत होता. आनंदराव कपात बघत होते. सोळा घरांची माणसं उभी होती आणि एकाच्याही तोंडातून शब्द निघेना. माझ्याही नाही. मला बोलायचं होतं.

"आबा, काम माजं हाय," मागून धनाजी म्हणाला. "पत्रे म्या लावल्यात."

आबांनी मान हलवली. टेम्पोतून धनाजीची बायको दीपमाला दोन मोठ्या पाट्या उतरवत होती. वरचं फडकं बाजूला झालं, आत भाकरी होत्या, चौदा माणसांना पुरून उरतील एवढ्या. म्हणजे पहाटे उठून तिनं त्या थापल्या होत्या. इथं कुणी बोलणार नाही, हे ते घरून निघतानाच समजून निघाले होते. मला सकाळच्या उन्हात कानापर्यंत लाज चढली.

मग काम सुरू झालं आणि आम्ही बघतच राहिलो. धनाजी आणि दोघं जण गच्चीवरून दोरानं खाली उतरले. पत्रे कसेही ओढून निघत नाहीत. प्रत्येकाची कड शेजारच्यात अडकवलेली असते, त्यामुळे जो शेवटी लावला तोच आधी काढावा लागतो. धनाजीला सात वर्षांनंतर सगळं आठवत होतं. या कोपऱ्यात रिव्हेट आखूड पडले होते, तिथं सांगाडा अर्धा इंच वाकडा आहे, त्या पत्र्याला दोनदा काढून लावला होता. तो वरून सांगायचा आणि तसंच निघायचं. आईला आपल्या हातच्या गोधडीचा टाका माहीत असावा तशी त्याला ती भिंत माहीत होती. मोकळा झालेला पत्रा दोराला बांधून ते खाली सोडायचे, खाली बाया तो अलगद झेलायच्या आणि भिंतीपासून लांब नेऊन रचायच्या. कुणी कुणाला हाक मारत नव्हतं. दोराला एक झटका म्हणजे सोड, दोन म्हणजे थांब. मी आयुष्यभर कामं होताना पाहिली ती फायलींची, सहा टेबलांवर सहा महिने. एवढी माणसं एका मनानं चालताना मी पाहिली नव्हती.

पत्र्यांच्या मागं आणखी एक गंमत निघाली. बिल्डरनं आतून गिलावाच केला नव्हता. उघड्या विटा, सिमेंटचे ओघळ, एके ठिकाणी रिकामं पोतं कोंबलेलं. संजयनं कपाळावर हात मारला. "आता गिलाव्याचे कोण देणार?" तो म्हणाला, पण या वेळी आवाज बारीक होता.

अकराच्या सुमारास मी फुलाबाईंपाशी जाऊन बसले. प्रेरणा ड्युटीवर होती आणि बाहेरच्या खडखडाटानं त्या घाबरतील असं मला वाटलं होतं. त्या घाबरल्या नव्हत्या. खिडकीबाहेर, हातभर अंतरावर, धनाजी दोरावर लोंबकळत होता. कपाळावरून घाम गळत होता. खिडकीशेजारचा पत्रा त्यानं सोडवला, खाली पाठवला, आणि काचेतून आत पाहिलं. त्यानं फुलाबाईंचा पलंग पाहिला. पलंग आणि पत्रा यांच्यामध्ये फक्त एक भिंत होती. त्याचा चेहरा असा झाला की मला बघवेना.

फुलाबाईंनी उजव्या हातानं उशाजवळचा तांब्या माझ्याकडे सरकवला. "त्येला पानी दे," त्या म्हणाल्या. त्यांचं बोलणं जड झालं आहे, पण हे शब्द स्पष्ट होते. मी खिडकी सरकवून तांब्या पुढं केला. चार मजले उंचीवर, एका हातानं दोर धरून, तो पाणी प्यायला.

"आई, झालं आता," तो आत बघून त्यांना म्हणाला, तांब्या परत दिला आणि पुढच्या पत्र्याकडे सरकला.

दुपारी साडेबाराला पंगत बसली, पार्किंगमध्येच. दीपमालानं आम्हालाही बसायला सांगितलं. इर्जिकीत आवारात असेल तो प्रत्येक जण जेवतो. भाकरी, पिठलं, हिरव्या मिरचीचा ठेचा. संजय बसला, आनंदराव बसले, मीही बसले. धनाजी वाढत होता. सकाळपासून दोरावर होता, बोटं सोललेली, त्यावर चिंधी गुंडाळलेली, आणि त्याच हातांनी तो आमच्या ताटांत भाकरी घालत होता. धनी होता ना तो. सगळ्यांचं झाल्यावर तो जेवणार होता. मी अर्ध्या ताटावरून उठून पाण्याच्या पिंपापाशी त्याला गाठलं.

"धनाजी, तू सांगितलं का नाहीस?" मी विचारलं. "सकाळी सगळ्यांसमोर. पत्रे मी निवडले, तू मला बजावलं होतंस. तुझं काय जात होतं सांगायला?"

त्यानं घागरीत पाणी भरून घेतलं. "तुमचं खोटं न्हाई म्याडम. पन तुमी सही येकदाच केली. म्या म्हाईत आसून दोनशे बारा पत्रे ठोकलं. परतेक येळंला वाटायचं, ह्यो ठोकू नगं. आन् ठोकायचो." त्यानं घागर उचलली. "घरी लगीन व्हतं बहिनीचं. म्या कुनाला काय म्हनू."

त्याच्या आवाजात राग नव्हता. रागावला असता तर मी त्याच्याशी भांडले असते, भांडण मला चांगलं जमतं. यावर काय करायचं ते मला कुणी शिकवलं नव्हतं. मी त्या माणसाकडे बघत राहिले. ज्याला मी 'तेवढं कर' म्हणाले होते तो एवढा मोठा होता, आणि मी सात वर्षं चेअरमनच्या खुर्चीत बसून होते.

मी पंगतीच्या मधोमध जाऊन उभी राहिले.

"ऐका," मी म्हणाले. "दोन नमुने होते. आग सोसणारा सोडून हा मी निवडला. धनाजीनं मला तेव्हाच सांगितलं होतं की हा पेटतो. मी त्याला गप्प बसवलं. माझ्या सहीचा कागद बिल्डरकडे आहे आणि तेही मी तुमच्यापासून लपवलं. फुलाबाईंच्या उशाशी तो पत्रा मी लावला. भिमाआबा, सकाळी तुम्ही विचारलंत. काम माझं आहे."

सगळ्यांचे हात ताटांवर थांबले. संजयनं तोंड उघडलं, बहुधा गिलाव्याचं विचारायला, मग मिटलं. आनंदराव माझ्याकडे बघत होते, आणि त्या बघण्यात जे होतं ते मला पुढं बरेच दिवस सोसावं लागणार आहे. शाल देणारे हेच लोक होते. अठरा हजार वाचल्यावर टाळ्या वाजवणारेही हेच, पण ते त्यांनी आपल्या तोंडानं म्हणावं अशी माझी अपेक्षा नव्हती.

भिमाआबांनी तोंडातला घास सावकाश संपवला.

"येका कामाला येकच धनी आसतो," ते म्हणाले. "धनाजी, घागर खाली ठिव. बाई, तुमी हितं हुब्या ऱ्हाऊन काय करताय? मान्सं जेवत्यात, वाढा की."

दीपमालानं भाकरीची पाटी माझ्या कमरेशी आणून टेकवली. ती चांगलीच जड होती. मी पहिल्या माणसापासून सुरुवात केली. आबा, मग बाया, मग दोरावरचे दोघं, मग आनंदराव, मग संजय. संजयनं माझ्याकडे न बघता ताट पुढं केलं, पण केलं. पावसाळ्यात भातलावणीला, आवण्यांना, मला गुंजवण्याला जावं लागेल, सत्तर टक्के झिजलेल्या गुडघ्यांनी चिखलात उतरावं लागेल, गिलाव्याच्या खर्चावरून अजून चार मीटिंगा आणि चाळीस भांडणं होतील, हे सगळं मला वाढताना दिसत होतं.

धनाजी अजून पिंपापाशीच उभा होता. आयतं वाढून घ्यायची सवय नसलेल्या माणसासारखा. मग त्यानं चिंधी सोडली, हात धुतले, आणि पंगतीच्या शेवटी, भिंतीपासून जरा लांब, मांडी घालून बसला. मी त्याच्यापुढं वाकून भाकरी वाढली. त्यानं माझ्याकडे पाहिलं नाही, ताटाकडेच पाहत राहिला, आणि खूप भुकेल्या माणसासारखा जेवायला लागला.